पदराआडचा मनुष्य

गेल्या स्नेहसंमेलनाच्या तालमी चालू असता एके सायंकाळी एक विद्यार्थी माझ्याकडे आला व मान खाली घालून म्हणाला, "सर, मला आईचे काम नको. मुले मला 'बाई' म्हणून चिडवितात." त्याचा आवाज कोवळा व देह सडपातळ, म्हणूनच ती भूमिका त्याजकडे आली होती. मी त्यास जवळ बसविले. परंतु त्याचे ते शब्द ऐकताच तीस वर्षांमागे मी स्वतः उच्चारलेले शब्द मला आठवले.

तेरणेकाठचे माकणी हे माझे गाव. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे भूकंप झाला, तेव्हा मी तेरा वर्षांचा होतो. माळवदाच्या भिंतीचा दगड माझ्या कपाळावर पडला. जखम भरली, व्रण मात्र राहिला. आरशासमोर उभे राहणे मी सोडून दिले. पुढील वर्षी पत्र्याच्या शेडमधील आमच्या शाळेत नाटक बसले व गुरुजींनी मला आईचे काम दिले. "पदराने तुझी खूण झाकेल," असे ते म्हणाले. त्यांचा हेतू चांगला होता. तथापि मला दुहेरी लाज वाटली, एक चेहऱ्याची व दुसरी लुगड्याची. मी नकार दिला. तेव्हा त्यांनी मला बालगंधर्वांची हकीकत सांगितली.

नारायण श्रीपाद राजहंस यांचा जन्म १८८८ सालचा. बालवयातील त्यांचे गाणे ऐकून लोकमान्य टिळकांनी त्यांस 'बालगंधर्व' म्हटले, असे सांगतात. १९०५ साली ते किर्लोस्कर नाटक मंडळीत आले. कुलीन स्त्रीने रंगभूमीवर पाऊल ठेवणे त्या काळी निषिद्ध मानीत. सबब शकुंतला, भामिनी, सिंधू या साऱ्या पुरुषानेच उभ्या करावयाच्या. त्या त्यांनी अशा उभ्या केल्या की, घरंदाज स्त्रिया त्यांच्या नेसण्याचे व केशरचनेचे अनुकरण करू लागल्या. १२ मार्च १९११ रोजी 'मानापमान' नाटकाचा पहिला प्रयोग होता. त्याच दिवशी त्यांची लहान मुलगी वारली. तरीही भामिनीचा वेष धारण करून ते प्रेक्षकांपुढे उभे राहिले. "त्या रात्री शालूच्या आत एक बाप होता," गुरुजी म्हणाले, "वेष बदलतो, मनुष्य बदलत नाही."

मी काम पत्करले. प्रयोगाच्या रात्री कंदिलाच्या उजेडात पदर सावरून मी "बाळा" अशी हाक मारली, आणि सारे शेड एकाएकी स्तब्ध झाले. समोर बसलेल्यांपैकी कित्येकांच्या घरी आदल्या वर्षी आई उरली नव्हती. कोणी हसले नाही. पहिल्या रांगेतील एक म्हातारे गृहस्थ फेट्याच्या शेमल्याने डोळे पुशीत होते. माझा देह, ज्याची मला लाज वाटत होती, तो त्या घटकेस दुसऱ्यांच्या दुःखाच्या उपयोगी पडला. घरी गेल्यावर मी आरशात पाहिले. व्रण होता तेथेच होता. मीच त्यास भिण्याचे सोडले होते.

मात्र विद्यार्थिमित्रांनो, या कथेची दुसरी बाजूही ध्यानात ठेवावी. रूपावर लोकांनी केलेले प्रेम रूपाबरोबर ओसरू शकते. १९३५ साली 'धर्मात्मा' या बोलपटात बालगंधर्व पुरुषवेषात, संत एकनाथांच्या भूमिकेत दिसले. १९३७ साली 'साध्वी मीराबाई'मध्ये ते पुनः स्त्रीवेषात आले. परंतु रंगभूमीवरील ती मोहिनी पडद्यावर उतरली नाही. उतारवयात त्यांचे पाय अधू झाले. १५ जुलै १९६७ रोजी त्यांचे देहावसान झाले. ज्या देहाच्या डौलावर महाराष्ट्र लुब्ध झाला होता तो असा थकला. गाणे मात्र ध्वनिमुद्रिकांतून आजही ऐकू येते.

हे सारे मी त्या विद्यार्थ्यास सांगितले व शेवटी विचारले, "तुझी आई डोईवरचा हंडा कसा उतरविते, ते कधी पाहिले आहेस काय?" तो गोंधळला. त्याने पाहिले नव्हते. दोन दिवसांनी तो आपण होऊन आला. "सर, ती आधी डावा हात कमरेवर ठेवते. तिची कंबर दुखते, हे मला ठाऊकच नव्हते."

त्याने काम केले. चिडविणारे दोघेजण पहिल्या प्रवेशात हसले, दुसऱ्यात गप्प झाले. त्याची आई पालकांमध्ये बसली होती. रंगमंचावर त्याने डावा हात कमरेवर ठेवला, तेव्हा तिने पदर तोंडाशी धरला.

पालकहो, आपला मुलगा नाटकात लुगडे नेसला म्हणून त्याचे काही उणे होत नाही. एका रात्रीपुरते का होईना, दुसऱ्याच्या देहाचे ओझे आपल्या देहावर घेणे हे ज्यास साधले, तो घरी परतताना स्वतःस अधिक ओळखू लागतो. आमच्या त्या विद्यार्थ्याविषयी एवढेच सांगतो की, हल्ली घरातील पाण्याचा हंडा तोच उचलतो.