सिनेमातली पहिली बाई आणि आपलं नाशिक

नाशिककर म्हणून आपण अभिमानाने सांगतो, भारतीय सिनेमाचे जनक दादासाहेब फाळके आपल्या त्र्यंबकेश्वरचे. खरंच आहे. पण पडद्यावर आलेली पहिली बाई कोण, असं विचारलं की बहुतेक जण गप्प होतात.

मे १९१३ मध्ये मुंबईत 'राजा हरिश्चंद्र' लागला. त्यात तारामती झाले होते अण्णा साळुंके. आधी हॉटेलात काम करणारा हा पुरुष! कारण सिनेमात उभी राहायला बाईच मिळत नव्हती. त्याच वर्षी फाळकेंनी बस्तान नाशिकला हलवलं आणि 'मोहिनी भस्मासुर' काढला. त्यात पार्वती होत्या दुर्गाबाई कामत आणि मोहिनी त्यांची मुलगी कमला, वय जेमतेम तेराच्या आसपास. भारतीय सिनेमातल्या पहिल्या अभिनेत्री या मायलेकी.

दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या. लेकीला घेऊन फिरत्या नाटक कंपनीत पोट भरत होत्या. 'नाटकातली बाई' ही तेव्हा शिवीच होती. सिनेमा तर त्याहून वाईट. लोक काय म्हणतील, हे त्यांना कळत नव्हतं असं नाही. पण चूल पेटवायला लोक येत नाहीत, हेही त्यांना पक्कं माहीत होतं.

कमला पुढे कमलाबाई गोखले झाल्या. पंचविशीच्या सुमारास नवरा गेला, पदरात मुलं. बाई थांबल्या नाहीत. रंगभूमीवर पुरुषांच्या भूमिकासुद्धा केल्या, सिनेमे केले, तिन्ही मुलं वाढवली. १९९८ मध्ये त्या गेल्या. मुलगा चंद्रकांत गोखले, नातू विक्रम गोखले. ही दोन नावं आपल्या तोंडी आहेत. आजीचं नाव मात्र सांगावं लागतं.

हे आज का लिहितोय? परवा एक ओळखीचे गृहस्थ म्हणाले, "पोरगी नाटकात बक्षीस घेऊन आली, कौतुक आहे हो. पण सिरियलबिरियल नको. लग्नाचं बघायचंय." माणूस शिकलेला, सज्जन. मुलीच्या रीलखाली अनोळखी लोक काय काय लिहितात, तेही त्यांनी वाचलेलं. त्यांची भीती खोटी नाही. पण त्या भीतीची किंमत दर वेळी मुलीनेच का मोजायची? घाण लिहिणाऱ्याला त्याच्या घरी कुणी जाब विचारतं का?

माझं म्हणणं साधं आहे. पांडवलेणीच्या पायथ्याशी फाळके स्मारक आहे. तिथे पोराबाळांना घेऊन जाल, तेव्हा फाळकेंसोबत या दोघींचीही गोष्ट सांगा. मुलींना सांगा आणि मुलांना तर आवर्जून सांगा.

आणि घरातली लेक "मला अभिनय करायचाय" म्हणाली, तर नाही म्हणण्याआधी तिचं काम एकदा बघून या. तेरा वर्षांच्या पोरीला घेऊन एक आई कॅमेऱ्यासमोर उभी राहिली, त्याला शंभराहून जास्त वर्षं झाली. आपण अजून 'लोक काय म्हणतील' पाशीच आहोत.

तुमच्या घरात काय उत्तर मिळालं असतं? खरं खरं लिहा.