डोंगराच्या अंगावरच्या आडव्या रेघा

मैत्रिणींनो, एक गंमत करून पाहा. जुन्या ताटात कुंडीतली ओलसर माती थापा, ताट एका बाजूने जरा उचला आणि वरच्या कडेला भांडंभर पाणी हळूच सोडा. पाण्याला बारीक बारीक वाटा फुटतील, त्या एकमेकींत मिसळतील आणि खाली एकच गढूळ ओहोळ होईल. पिंपळाच्या जाळीदार पानावर दिसते ना, तीच नक्षी! आता पुन्हा माती थापून बोटाने उतारावर आडव्या रेघा ओढा. पाणी रेघेत थबकतं, तिथेच मुरतं.

राळेगणसिद्धीला हेच डोंगरावर केलंय.

पारनेर तालुक्यातलं हे दुष्काळी गाव. पाऊस बेताचा, आणि पडला की मातीसकट नाल्याने पळायचा. उन्हाळ्यात विहिरी कोरड्या. मग हंडे कुणाच्या डोक्यावर, हे तुम्हाला सांगायला नकोच. १९७५ साली लष्करातून निवृत्त झालेले अण्णा हजारे गावी परतले. पाझर तलाव गळत होता, तो गावकऱ्यांनी श्रमदानाने दुरुस्त केला, आणि खालच्या विहिरींना पाणी दिसू लागलं. मग चर, झाडं, नालाबांध असं काम वाढत गेलं. पुरंदर तालुक्यातल्या विलासराव साळुंखे यांच्या पाणी पंचायतीपासूनही ही मंडळी शिकली.

चराची रेघ सरळ नसते बरं का! एकाच उंचीच्या जागा जोडत ती डोंगराला वळसे घेते. कुठे अंमळ उतरली, की सगळं पाणी तिथेच धावतं आणि चर फुटतो. अशी रेघ आखायला गवंड्याची पाणी भरलेली पारदर्शक नळीसुद्धा चालते.

मला मात्र कौतुक वाटतं ते पुढचं. विहिरीला पाणी आल्यावर ऊस लावायचा मोह कुणाला होत नाही? गावाने तो आवरला. कुऱ्हाडबंदी केली, म्हणजे सरपणाची पंचाईत. तेव्हा गोबरगॅस आला. आपल्यापैकी ज्यांनी चुलीचा धूर खाल्लाय, त्यांना याचं मोल कळेल.

जायचं तर भाद्रपदात जा. पुणे–नगर (आता अहिल्यानगर) रस्त्याने शिरूरच्या पुढे वाडेगव्हाणला फाटा आहे. यादवबाबांचं दर्शन घ्या, मग टेकडी चढा. चर गवतात लपलेले असतात, नजर जरा खाली ठेवून शोधावे लागतात. आणि चप्पल पट्ट्याची घाला, माती निसरडी असते.