हरण्याची तपासणी

प्रवरेच्या काठी वसलेले कोल्हार हे आमचे गाव. नगर-मनमाड रस्त्याने जाणाऱ्या प्रवाशाला ते पुलापाशी लागणारे एक गजबजलेले ठिकाण एवढेच वाटत असेल. परंतु रस्ता सोडून, भगवतीच्या देवळातील घंटा ऐकत नदीच्या अंगाने चालू लागले, की उसाचे मळे, पाटाचे पाणी आणि काठावरची गवताळ पडीक जमीन यांचे निराळेच जग दिसू लागते. थंडीच्या दिवसांत या शिवारात मेंढ्यांचे कळप उतरतात. पीक निघालेल्या रानात शेतकरी मेंढ्या बसवून घेतात; मेंढ्यांना चारा मिळतो आणि रानाला लेंडीखत. अशाच एका कळपाबरोबर हरण्या आमच्या गावात आला.

मी मुख्याध्यापकाच्या जागेवरून निवृत्त झालो, त्याच्या दुसऱ्या वर्षीची ही गोष्ट. आमच्या रानात उतरलेल्या धनगरबाबांच्या पालापाशी दोन-अडीच महिन्यांचे एक पिल्लू खेळत होते. अंगाचा रंग हरणासारखा, पाय काडीसारखे, पोट पाठीला लागलेले आणि डोळे मात्र मोठे पाणीदार. मी दोन-तीन दिवस त्याच्याकडे टक लावून पाहत असल्याचे बाबांनी हेरले असावे. निघण्याच्या दिवशी पिल्लू माझ्या हातात देऊन ते म्हणाले, "गुरुजी, घेऊन जा. फकस्त याला बांधून घालू नका, आन् याच्या अंगावरनं रोज हात फिरवा."

पहिली सूचना मी तंतोतंत पाळली. दुसरी सूचना म्हणजे एखाद्या प्रेमळ म्हाताऱ्याचे लाडिक बोलणे, असे मी समजलो.

आमचा हरण्या कारवानी वळणाचा होता. दख्खनच्या पठारावरील शिकारी आणि मेंढपाळ अशी सडपातळ, वेगवान कुत्री पिढ्यान्‌पिढ्या पाळत आले आहेत. मुधोळ संस्थानचे अधिपती मालोजीराव घोरपडे यांनी त्यांच्या संगोपनात लक्ष घातले, म्हणून त्यांना मुधोळ असेही म्हणतात. २००५ साली आपल्या टपाल खात्याने चार देशी जातींच्या कुत्र्यांची तिकिटे काढली, त्यांत मुधोळही होता. ते तिकीट माझ्या संग्रहात कितीतरी वर्षे जपून ठेवलेले होते. चित्रातला कुत्रा मला चांगला ठाऊक होता. दारातला ओळखायला मात्र मला बराच वेळ लागला.

वर्षभरात हरण्या माझ्या कमरेला लागला. त्याचे धावणे पाहण्यासारखे असे. पहाटे नदीकाठी सोडले, की तो एका झेपेत बांध ओलांडी, उसाच्या कडेने दिसेनासा होई आणि मी दहा पावले चालतो न चालतो तोच मागल्या बाजूने येऊन मला वळसा घाली. शेजारचा सहावीतला मुलगा रोज त्याच्याबरोबर धावायला येई. तो धापा टाकीत परत येई आणि म्हणे, "सर, आज पण हाच पहिला!"

लोक मला विचारीत, "गुरुजी, कुत्र्याची निगा राखायला फार त्रास पडत असेल, नाही?" मी हसून सांगे, "अहो, केस आखूड, तेव्हा कामही आखूड!" हे वाक्य मला इतके आवडले होते, की मी ते वाण्याच्या दुकानात, देवळाच्या पायरीवर, एवढेच काय, लग्नाच्या पंगतीतही सांगितले असेल. लांब केसांच्या कुत्र्याला विंचरावे लागते, त्याच्या केसांत गुंता होतो. आमच्या हरण्याला कसला गुंता? महिन्या-दोन महिन्यांनी मी त्याला आमच्याच अंगाच्या साबणाने खसखसून धूत असे आणि उन्हात सोडून देत असे. एवढ्यावर माझी कर्तव्यबुद्धी तृप्त होती.

येथे मला एक गोष्ट कबूल केलीच पाहिजे. तीस वर्षे दर सोमवारी प्रार्थना संपल्यावर मी मुलांची तपासणी घेत आलो. नखे वाढली आहेत का, कानांत मळ आहे का, केस विंचरले आहेत का, हे मी रांगेने पाहत जाई. माझी चाहूल लागताच कितीतरी मुले दातांनी घाईघाईने नखे कुरतडीत. असा मी, हजारो मुलांची नखे तपासलेला माणूस, माझ्या दारातील मुक्या जिवाचा एक पंजाही उलटून पाहत नव्हतो.

श्रावण लागला. चार दिवस संततधार होती. पाचव्या दिवशी उघडीप पडली, तरी हरण्या उठेना. मला वाटले, पावसाने आळसावला असेल. संध्याकाळी भाकरी तशीच राहिली. दुसऱ्या दिवशी शेजारचा मुलगा आला, हरण्यापाशी बसला आणि त्याने सहज त्याचा कान उलटला. क्षणभर तो काहीच बोलला नाही. मग हळूच म्हणाला, "सर, इकडं बघता का?"

कानाच्या आतल्या घडीत राखी रंगाचे, फुगलेले गोचीड ओळीने चिकटले होते. बोटांच्या बेचक्यांत होते, शेपटीच्या मुळाशी होते, गळपट्ट्याखाली तर विचारूच नका. रक्त पिऊन टपोरलेला गोचीड हुबेहूब एरंडाच्या बीसारखा दिसतो. एरंडाच्या शास्त्रीय नावातला 'रिसिनस' हा लॅटिन शब्द मुळात गोचिडाचाच वाचक आहे, हे मी एके काळी वर्गात मोठ्या ऐटीने सांगितले होते. ते ज्ञान त्या दिवशी माझ्या काही उपयोगी पडले नाही.

आम्ही त्याला पशुवैद्यकीय दवाखान्यात नेले, तेव्हा त्याच्या नाकातून रक्ताचा एक थेंब ओघळला. डॉक्टरांनी त्याचा ओठ वर करून हिरड्या पाहिल्या. त्या गुलाबी असायच्या, त्या पांढुरक्या पडल्या होत्या. रक्त तपासून ते म्हणाले, "गोचीडताप आहे. गोचीड नुसते रक्त पीत नाहीत. पिताना रोगाचे जंतू अंगात सोडतात. मग रक्त गोठविणाऱ्या पेशी कमी होतात. म्हणून हे नाकातून रक्त येते आहे." नंतर त्यांनी विचारले, "याच्या अंगावरून हात कधी फिरवला होता?"

मी खाली पाहिले. तीस वर्षांत माझ्यापुढे खाली मान घालून उभी राहिलेली सगळी मुले मला त्या क्षणी आठवली.

त्या रात्री आणि त्यानंतरच्या दोन रात्री मी ओसरीवर हरण्याच्या उशाशी बसून काढल्या. माझी पत्नी दर थोड्या वेळाने चमच्याने त्याच्या तोंडात पाणी सोडी. चौथ्या दिवशी त्याने स्वतः होऊन वाटीला तोंड लावले, तेव्हा तिने पदराने डोळे टिपले आणि मी उगाचच वर्तमानपत्र उघडून बसलो. पुढे जवळजवळ महिनाभर गोळ्या चालू होत्या. गोळी भाकरीच्या गोळ्यात दडवावी, तर तो भाकरी खाऊन गोळी नेमकी बाहेर ठेवी. अखेर थोडे तूप लावल्यावर ती युक्ती साधली.

तेव्हापासून आमच्या घरी रोज दिवेलागणीच्या आधी हरण्याची तपासणी होऊ लागली. पहिले काही दिवस शेजारच्या मुलाने मला शिकविले, कारण त्याच्या आजोळी मेंढ्या होत्या. मी डोळ्यांनी पाहत असे, तो म्हणे, "सर, डोळ्यांनी नाही, बोटांनी बघा." आखूड केसांचे कुत्रे खरोखरच बोटांनी पाहता येते. डोक्यापासून शेपटीपर्यंत सावकाश हात फिरवावा. कोठे गाठ, खरूज, ओरखडा किंवा मसुराएवढा उंचवटा लागला, की केस बाजूला सारून पाहावे. गोचीड असला तर चिमट्याने कातडीच्या अगदी लगत धरून सरळ वर ओढावा. पिरगाळू नये, नाहीतर त्याचे तोंड आत तुटून राहते. बोटांनी चिरडूही नये. आमच्याकडे काही लोक कुत्र्याच्या अंगावर रॉकेल चोळतात. त्याने कातडी भाजते आणि चाटल्यावर ते पोटात जाते. गोचिडाचे औषध डॉक्टरांना विचारूनच लावावे.

आणखी एक गोष्ट डॉक्टरांनी सांगितली, ती ऐकून मी थक्क झालो. गोचीड आयुष्याचा थोडाच काळ कुत्र्याच्या अंगावर काढतो. रक्त पिऊन झाले की तो गळून पडतो आणि भिंतीच्या फटींत जाऊन लपतो. तेथे मादी हजारो अंडी घालते. म्हणजे शत्रू कुत्र्याच्या अंगावर कमी आणि माझ्या भिंतीत जास्त! मग आम्ही ओसरीच्या भेगा बुजविल्या, चुना लावला, हरण्याचे जुने गोणपाट जाळून टाकले आणि त्याचे नवे अंथरूण दर आठवड्याला गरम पाण्याने धुऊ लागलो.

आखूड केस गळत नाहीत, हाही माझा भ्रम होता. ते बारीक सुयांसारखे माझ्या धोतरात रुतून बसत. आता आठवड्यातून दोनदा मी रबरी दातांच्या ब्रशाने, केस ज्या दिशेने वाढतात त्याच दिशेने, त्याचे अंग झाडतो आणि वरून जाडेभरडे फडके फिरवितो. मेलेले केस निघतात आणि कातडीतले तेल सर्वांगावर पसरून रंग तांब्याच्या भांड्यासारखा झळकू लागतो. आंघोळ महिन्यातून एकदा, आणि तीही कुत्र्यांसाठीच्या साबणाने. कुत्र्याची कातडी आपल्यापेक्षा पातळ असते, आपला साबण तिला सोसत नाही. आंघोळीनंतर कान कोरडे करायला मात्र विसरायचे नाही.

नखांची हकिगत थोडी लाजिरवाणी आहे. कुत्र्याच्या नखाच्या आत एक जिवंत, रक्ताने भरलेला भाग असतो. पांढऱ्या नखात तो गुलाबी दिसतो. हरण्याची नखे काळी असल्यामुळे दिसत नाही. मी मोठ्या आत्मविश्वासाने पहिलेच नख कापले आणि हरण्याच्या किंकाळीने शेजारीपाजारी धावून आले. तुरटी दाबून धरली, तेव्हा रक्त थांबले. त्यानंतर तीन आठवडे कात्री दिसली, की तो खाटेखाली जाई. आता मी टोकापासून तांदळाएवढेच नख काढतो, आणि प्रत्येक नखाला शेंगदाण्याचा एक दाणा देतो. हा सौदा त्याने मान्य केला आहे.

या सगळ्यांत महत्त्वाची तपासणी पंजांची. आमच्या नदीकाठी पावसाळा सरला, की कुसळी गवत पिकते. त्याचे कुसळ बाणासारखे असते. ते पुढेच सरकते, मागे येत नाही. बोटांच्या बेचक्यात किंवा कानात शिरले, तर आत आत जाते आणि तेथे पू होतो. गोखरू आणि आघाडा हेही त्याचे सोबती आहेतच. उन्हाळ्यात निराळी चिंता. कुत्र्याला अंगभर घाम येत नाही. तो जीभ बाहेर काढून धापा टाकतो, तेवढाच त्याचा गारवा. म्हणून आम्ही उन्हे चढण्यापूर्वी धावून घेतो. डांबरी रस्त्यावर तळहात ठेवून पाहावा. आपल्या हाताला तो सोसवत नसेल, तर कुत्र्याच्या पायालाही सोसत नाही. मग हरण्याला तेथून चालवू नये, हे शेजारच्या मुलाने स्वतःच शोधून काढले.

आणि लस. लुई पाश्चर या फ्रेंच शास्त्रज्ञाने १८८५ साली पिसाळलेल्या कुत्र्याने चावलेल्या एका नऊ वर्षांच्या मुलाला लस टोचून वाचविले. हरण्याला ही लस दर वर्षी टोचून घेतो. त्या दिवशी तो माझ्याकडे अशा काही नजरेने पाहतो, की जणू मीच त्याचा विश्वासघात केला आहे. तरीही, मुलांनो, कोणतेही कुत्रे चावले, तर ती गोष्ट घरी लपवू नका. जखम लगेच साबण लावून वाहत्या पाण्याखाली पंधरा मिनिटे धुवा आणि त्याच दिवशी दवाखान्यात जा.

पुढल्या थंडीत धनगरबाबांचा कळप पुन्हा आमच्या शिवारात उतरला. बातमी कळताच मी हरण्याला घेऊन गेलो. शाळेत तपासणी अधिकारी येत, तेव्हाही माझी छाती एवढी धडधडली नव्हती. बाबांनी रामराम केला, पण माझ्याकडे फारसे पाहिले नाही. ते उकिडवे बसले, त्यांनी हरण्याचे दोन्ही कान उलटले, गळपट्ट्याखाली बोट घातले, चारही पंजे एकेक करून दाबून पाहिले. मग उठून धोतराला हात पुसले आणि सुनेला हाक मारली, "गुरुजींना च्या ठेव गं."

चहा होईपर्यंत हरण्या मेंढ्यांमागे दूर निघून गेला होता. मी हाक मारली; त्याने मान वळविली, पण तो थांबला नाही. कळप नदीच्या वळणाआड गेला, तेव्हा बाबा म्हणाले, "जाऊ द्या गुरुजी. यायचा असला तर यील." त्या सायंकाळी मी आणि शेजारचा मुलगा ओसरीवर काही न बोलता बसून होतो. दिवेलागण झाली. ब्रश आणि चिमटा रोजच्याप्रमाणे पायरीवर काढून ठेवलेला होता.

काळोख पडल्यावर फाटकाशी खसफस झाली. हरण्या चिखलाने माखलेला, जीभ लोंबत, सरळ पायरीपाशी आला आणि आडवा होऊन त्याने पुढचा पंजा माझ्यापुढे केला. मुलाने दिवा जवळ धरला. त्या रात्री त्याच्या चार पंजांतून आम्ही सतरा गोखरू काढले.