आगोटीच्या आत

घर बांधायला निघालेल्या माणसाला सल्लागारांची वानवा कधी पडत नाही. स्वयंपाकाचा ओटा कोणत्या दगडाचा करावा, देवघराचे तोंड कुठे असावे, न्हाणीघराची फरशी कोणत्या रंगाची घ्यावी, यावर आमच्या पुण्याच्या इमारतीतल्या सगळ्या बिऱ्हाडांनी मला आपापले मत दिले. एका वहिनींनी तर पडद्यांचे नमुने आणून दाखवले. मात्र भिंतींत सळ्या किती घालणार आणि छप्पर भिंतीला कशाने बांधणार, हे एकानेही विचारले नाही. छप्पर भिंतीला बांधायचे असते, हेच मुळी कुणाच्या गावी नव्हते. छप्पर भिंतीवर ठेवतात, अशीच आपली सगळ्यांची समजूत. आमच्या आजोबांचीही तीच होती, आणि ३ जून २०२० च्या दुपारपर्यंत तिला कुणी धक्का लावला नव्हता.

त्या दुपारी निसर्ग चक्रीवादळ रायगडच्या किनाऱ्यावर चढले. आमचे गाव तिथून खाली, दापोली तालुक्यात; पण वादळाला तालुक्याच्या सीमा ठाऊक नसतात. घरात ऐंशी वर्षांची आई आणि शेजारची काकी, अशा दोघीच. बाळंतिणीच्या खोलीत दाराची चौकट धरून त्या दोन तास उभ्या होत्या. वाऱ्याने आधी पडवीचे छप्पर उचलले. पडवीचे वासे ओटीच्या वाशांना जोडलेले, त्यामुळे पडवी जाताना ओटीला घेऊन गेली आणि मग माजघरावरची कौलेही उडाली. भिंती तेवढ्या राहिल्या. आम्ही पोचलो तेव्हा आई अंगणात खुर्ची टाकून बसली होती. घराकडे बोट करून म्हणाली, “जा, बघून ये. माजघरातून आभाळ दिसतंय.”

घर पुन्हा उभे करायचे, यावर आम्हा भावंडांचे दुमत नव्हते. ठाण्याच्या दादाने पैशाची बाजू उचलली. मी तीस वर्षे शाळेत गणित शिकवून नुकतीच मोकळी झालेली, तेव्हा देखरेखीचे काम आपसूक माझ्याकडे आले. ‘ह्यां’ना पुण्यात डबा लावून दिला आणि काकीकडच्या पडवीतली एक खोली मी धरली.

भांडण झाले ते छपरावरून. आम्हा मुलांना कौलेच हवी होती. कौलांखालचा गारवा, पागोळ्या, कवडशातून फिरणारी धूळ, हे सगळे आठवून दादाचा गळा फोनवरसुद्धा दाटून येई. आईला मात्र स्लॅब हवा होता. “तुम्ही मे महिन्यात पंधरा दिवस येणार,” ती म्हणाली, “वारा सुटला की कौलांकडे बघत रात्रभर जागायचं आहे ते मला.”

याला आमच्यापाशी उत्तर नव्हते. शहरात राहणाऱ्यांनी गावच्या घराविषयी जे प्रेम बाळगलेले असते, त्यातले पुष्कळसे दुसऱ्याच्या जिवावर असते, हे तेव्हा चांगलेच कळले. पण नुसत्या स्लॅबचेही कोकणात धड होत नाही. वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस झेलायचा म्हणजे थट्टा नव्हे. आमच्या वाडीतल्या स्लॅबच्या घरांवर पाहा, पाच-सहा पावसाळे ओलांडले की गच्चीवर पत्र्याचे छप्पर चढलेच! शेवटी दापोलीच्या इंजिनिअरांनी तोड काढली. घराच्या मधोमध दहा बाय बारा फुटांची एक खोली स्लॅबची करायची, ती आईची. आणि सबंध घरावर कौले, पण वारा उचलून नेणार नाही अशी बांधलेली. आईने नकाशा दोनदा उलटसुलट करून पाहिला आणि “माझी खोली आधी पुरी करा,” एवढेच म्हणाली.

२०२१ च्या दिवाळीनंतर काम सुरू झाले. कोकणात घरबांधणीला मुदत घालणारा मालक एकच, तो म्हणजे मृग. ७-८ जूनच्या आत, म्हणजे आगोटीच्या आत, घर डोक्यावरून झाकले गेले पाहिजे. नाहीतर चार महिने उघड्या भिंती पाण्यात उभ्या राहतात आणि केलेल्यातले निम्मे पुन्हा करावे लागते.

जुने जोते शाबूत होते. त्याच्यावर काँक्रीटचा पहिला पट्टा घातला, खिडक्या-दारांच्या माथ्यावरून दुसरा, आणि भिंतींच्या शेंड्याला तिसरा. आमचे गवंडी त्याला ‘बेल्ट’ म्हणत, आणि तो खरोखर कमरपट्टाच असतो. चार भिंती वेगवेगळ्या हलू नयेत, पेटीसारख्या एकजीव राहाव्यात, एवढ्यासाठी तो. ३० सप्टेंबर १९९३ ला किल्लारीला भूकंप झाला तेव्हा माणसे मेली ती दगड कच्चे होते म्हणून नव्हे. मातीत रचलेल्या त्या जाडजूड भिंतींना एकमेकींशी धरून ठेवणारे काही नव्हते, आणि वर मातीच्या धाब्याचे ओझे होते. आम्ही कोयनेपासून फार लांब नाही. ११ डिसेंबर १९६७ चा पहाटेचा हादरा आईला अजून आठवतो. या पट्ट्याची सगळी मेख कोपऱ्यात असते. सळी कोपऱ्याशी येऊन थांबता कामा नये, वळून दुसऱ्या भिंतीत चांगली शिरली पाहिजे. काँक्रीट पडल्यावर हे ब्रह्मदेवालाही दिसत नाही. म्हणून काँक्रीट पडण्याआधी मी प्रत्येक कोपऱ्याचा फोटो काढून इंजिनिअरांना पाठवी, आणि त्यांचा होकार आल्यावरच घमेले हलू देई.

भिंती जांभ्याच्या. हा दगड मोठा गुणी. खाणीतून निघतो तेव्हा नरम असतो आणि वाऱ्या-उन्हात ठेवला की घट्ट होत जातो. १८००-०१ मध्ये केरळात फिरताना फ्रान्सिस बुकॅनन यांनी लोकांना तो विटांसारखा कापताना पाहिले आणि विटेच्या लॅटिन नावावरून त्याला ‘लॅटेराइट’ म्हटले. खाणीतून आलेले चिरे मी महिनाभर अंगणात तसेच रचून ठेवले, तेव्हा कंत्राटदारांची कुरकुर झाली. खरी वादावादी झाली ती वाळूवरून. एका सकाळी ट्रक आला, वाळू झकास बारीक. चिमूटभर जिभेवर ठेवली, तर खारट. खाडीची! मीठ काँक्रीटमध्ये गेले की आतली सळी गंजते, गंजून फुगते आणि काही वर्षांनी वरचा थर फोडून बाहेर येते. “ताई, इकडे सगळे हीच वापरतात,” कंत्राटदार म्हणाले. मी म्हटले, “म्हणूनच इकडे सगळ्यांच्या छज्ज्यांचे पोपडे पडतात.” ट्रक परत गेला. दोन दिवस बुडाले, आणि आठवडाभर आमच्यात कामापुरतेच बोलणे राहिले.

आईच्या खोलीचा स्लॅब जानेवारीत पडला. सेंट्रिंगच्या फळ्या वादळात पडलेल्या आमच्याच आंब्याच्या होत्या. काँक्रीट कालवताना पन्नास किलोच्या पोत्याला तीस लिटरच्या वर पाणी जाऊ द्यायचे नाही, म्हणून मी बादलीशेजारी स्टूल टाकून बसले. पाणी जास्त झाले की काँक्रीट लवकर पसरते, माणसांचे हात मोकळे होतात आणि स्लॅब जन्माचा अशक्त राहतो. पुढे चौदा दिवस त्यावर पाण्याचे वाफे. एवढ्या लहान गाळ्याचे टेकू सात दिवसांनी काढले तरी चालतात. कंत्राटदारांना ते चौथ्या दिवशीच दुसऱ्या कामावर न्यायचे होते. टेकू न्यायला आलेल्या टेंपोवाल्याला चहा पाजून मी परत पाठवला.

आता छप्पर. वादळाने आमचे दोन फणसही पाडले होते. रीतसर परवानगी काढून ते गिरणीवर कापून आणले होते, आणि मध्ये पट्ट्या घालून गोठ्यात दीड वर्ष वाळत ठेवले होते. आढे आणि वासे त्यांचेच करायचे ठरले. सुतारकाम पंचक्रोशीतल्या एका जुन्या मेस्त्रींकडे होते. त्यांच्या वडिलांनीच आमचे पहिले छप्पर चढवलेले. बोल्टांचा विषय काढला तसे ते हसले. “ताई, कौलांचं वजन काय थोडं हाय? त्या वजनानंच छप्पर बसतं.”

मग मी एका चिऱ्यावर खडूने हिशेब मांडला. मंगलोरी कौल दोन-अडीच किलोचे. चौरस मीटरला पंधरा लागतात, म्हणजे पस्तीस किलोच्या आसपास वजन. ताशी १२० किलोमीटरच्या वाऱ्याचा जोर चौरस मीटरला सुमारे ६८ किलो. छपराच्या कडांना वारा हा असा ओढतो. दाबत नाही, वर खेचतो. मेस्त्रींनी आकड्यांकडे पाहिले न पाहिलेसे केले. जरा वेळाने म्हणाले, “त्या दिशी वारा व्हता समोरनं, आनि कौलं गेली मागच्या पाख्याची. मला तवाच काय उमगंना.” मी काही बोलले नाही. त्यांनी पाहिलेले आणि मी मांडलेले एकच होते, हे त्यांचे त्यांनाच पटलेले बरे.

त्यानंतर मात्र बोल्टांच्या जागा त्यांनीच ठरवल्या. इथे एक गोम आहे, ती बांधणाऱ्याने ध्यानात ठेवावी. रिवाज असा, की गवंडी गेला की सुतार येतो. पण वासे धरणारे बोल्ट तिसऱ्या पट्ट्याच्या काँक्रीटमध्ये, सळीखाली आकडा अडकवून, आधीच गाडावे लागतात. म्हणजे वासा कुठे येणार हे गवंड्याला सुताराने सांगायला हवे. मी दोघांना एकाच सकाळी परांचीवर चढवले. त्यांच्यात कुणी कुणाला ‘काका’ म्हणायचे इथपासून मानापमान झाले, पण दुपारपर्यंत बत्तीस खुणा पडल्या.

छप्पर दुपाखी होते ते चौपाखी केले, कारण त्याला वारा कमी सापडतो. पडवीचे छप्पर मुख्य छपरापासून सुटे ठेवले. उद्या पडवी गेलीच तर तिने एकटीने जावे. वाशांना काजूच्या टरफलांचे तेल दिले. कौले सगळी तारेने बांधावीत असा माझा आग्रह होता. मेस्त्री म्हणाले, “मग माकडांनी फोडल्यावर बदलणार कशी?” हे खरे होते. तेव्हा कडेच्या दोन-दोन ओळी आणि आढ्यावरची तेवढी बांधली.

शेवटचे कौल बसले तेव्हा जून लागला होता आणि पश्चिमेला ढग रोज थोडे वर सरकत होते. खिडक्यांना झडपा नव्हत्या, गिलावा नव्हता, जमीन नुसती चोपलेली. दादाने आईला घेऊन यायचे ठरवले तेव्हा “एवढ्यात कशाला?” असे मी म्हटलेही. आई आली. ओटीवर न थांबता आपल्या खोलीत गेली, हातातली काठी उंच करून वरच्या स्लॅबवर तीनदा ठोकली आणि काकीला हाक मारली. मग तांदळाची पोती, कुळीथ, आमसुले आणि मिरच्यांचे डबे, सगळी आगोटीची बेगमी दोघींनी तिथे लावून घेतली. तिचा पलंग त्या खोलीत गेला तो आठ दिवसांनी, आणि तोही मिरच्यांचे डबे थोडे सरकवून.