स्क्रॅप्सची शेपटी

टेंभी नाक्यावरच्या खाण्याच्या गाड्या रात्री आवरू लागल्या, की आडोशाची कुत्री हळूहळू पुढे सरकतात. कुणाची हद्द कुठवर, हे त्यांचं आपापसात पक्कं ठरलेलं. परक्या गल्लीतलं एखादं चुकून आलं, की सगळी मिळून त्याच्यावर तुटून पडतात. पावाच्या तुकड्यासाठीचा हा दंगा ज्यांनी पाहिला आहे, त्यांना चार्ली चॅप्लिनचा 'अ डॉग्ज लाइफ' समजावून सांगावा लागत नाही.

एप्रिल १९१८मध्ये प्रदर्शित झालेला हा तीन रिळांचा मूकपट. उपाशी चार्ली नोकरीच्या कचेरीत बाकावर बसलेला. खिडकी उघडली की तो धावतो आणि दर वेळी दुसराच कुणीतरी आधी पोचतो. या खिडकीवरून त्या खिडकीवर, तिथून परत इकडे. शेवटी खिडक्या बंद होतात आणि हा हात हलवत बाहेर. तिकडे रस्त्यावर स्क्रॅप्स नावाच्या कुत्रीला टोळक्याने घेरलेलं असतं. चार्ली तिला उचलून धूम ठोकतो. चॅप्लिनने ही दोन्ही भांडणं शेजारीशेजारी ठेवली. माणसाची भूक मोठी आणि कुत्र्याची लहान, असं त्याने कुठेही मानलं नाही. चित्रपटाचं मोठेपण तिथेच आहे.

पुढे खाण्याच्या गाडीवर तो मालकाची नजर चुकवून बशीतला एकेक केक गट्टम करतो. मालक वळला, की जबडा जागच्या जागी थांबतो. हा मालक म्हणजे चार्लीचा थोरला सावत्र भाऊ सिडनी. दोघांनीही लहानपणी लंडनच्या लॅम्बेथमधल्या गरीबखान्यात दिवस काढलेले. त्या बशीवरची नजर अभिनयाच्या वर्गात शिकता येत नाही.

नाचघरात कुत्र्यांना मज्जाव. चार्ली स्क्रॅप्सला आपल्या ढगळ पँटमध्ये लपवतो. मागच्या भोकातून शेपटी बाहेर येते आणि बँडच्या ड्रमवर धडाधड वाजू लागते!

स्क्रॅप्सचं काम करणारं मट साधं गावठी कुत्रं होतं. कसरती करून दाखवण्यापेक्षा ते चार्लीच्या मागे मागे चालतं, उघड्या जागेत त्याची उशी होतं. युद्धकर्जाच्या रोख्यांसाठी चॅप्लिन दौऱ्यावर गेला, त्या काळात मट मेलं. त्याला स्टुडिओच्या आवारातच पुरलं.

१९५९मध्ये चॅप्लिनने आपले तीन जुने मूकपट एकत्र करून पुन्हा पडद्यावर आणले. त्यांना त्याने स्वतः संगीत दिलं, आणि पहिला मान 'अ डॉग्ज लाइफ'ला दिला.