भिंतीपलीकडचा शिंपी

काका आमच्या भाईंदर पश्चिमेच्या इमारतीत राहायला आले ते ट्रॉम्बेहून निवृत्त होऊन. अणुशक्तीनगरातलं सरकारी घर सोडावं लागलं. फंडाच्या पैशात मुंबईत काही बसेना, म्हणून खाडीच्या अलीकडचं शेवटचं स्टेशन. भाभा अणुसंशोधन केंद्रात त्यांची सगळी नोकरी 'हेल्थ फिजिक्स'मध्ये, म्हणजे किरणांपासून माणसांना वाचवण्याच्या कामात, गेली होती. हेल्थ म्हटल्यावर इमारतीतल्या बायकांना वाटलं डॉक्टरच असतील. त्या सर्दी-खोकल्याची औषधं विचारायच्या. शेवटी काकांनी एकदा सांगून टाकलं, "वहिनी, मी माणसांचा डॉक्टर नाही. भिंतींचा आहे."

मी तेव्हा रेडिओग्राफीचा कोर्स संपवून स्टेशनजवळच्या एका एक्स-रे क्लिनिकमध्ये लागले होते. त्याचं नाव सांगत नाही. आज ते तिथे नाहीही. रस्त्याकडेचे दोन गाळे, एकात पेशंट बसायचे, दुसऱ्यात मशीन. नवी नोकरी म्हटल्यावर शेजारीपाजारी पगार विचारतात. काकांनी विचारलं, "चेस्ट स्टँडच्या मागची भिंत किती इंची आहे?"

मी गप्प.

"बरं, भिंतीपलीकडे कोण बसतं?"

ते माहीत होतं. पलीकडे एक शिंपी बसायचा. त्याच्या मशीनची घरघर आमच्या खोलीत ऐकू यायची.

"घरघर येते? मग साडेचार इंचीच असणार. निदान नऊ इंची तरी हवी."

टीबीच्या संशयाचे पेशंट दिवसभर यायचे. प्रत्येकाला स्टँडला छाती लावून उभं करायचं, श्वास धरायला सांगायचा आणि बटण दाबायचं. पेशंटमधून आरपार गेलेले किरण थेट त्या भिंतीवर. मी आडोशामागे उभी, पेशंट मिनिटभराने घरी. शिंपी मात्र सकाळपासून रात्रीपर्यंत त्याच जागी, भिंतीला पाठ लावून.

क्लिनिकच्या डॉक्टरांची परवानगी घेऊन काका एका रविवारी आले. मोजायचं यंत्र त्यांच्याकडे नव्हतं, ते ट्रॉम्बेलाच राहिलं. त्यांनी माझ्याकडून फिल्म भरलेली एक कॅसेट मागून घेतली, तिच्यावर चिकटपट्टीने रुपयाचं नाणं लावलं आणि शिंप्याच्या दुकानात, त्याची पाठ टेकते त्या उंचीवर भिंतीला लटकवली. अलीकडून मी छातीच्या उंचीवर एकामागून एक एक्सपोजर दिले. डार्करूमच्या लाल उजेडात फिल्म ट्रेमध्ये हलवत होते तेव्हा ती हळूहळू करडी होत गेली आणि मधोमध नाण्याचा पांढरा गोल उमटला. भिंत किरण अडवत असती तर फिल्म कोरी राहिली असती, नाण्याची सावली पडलीच नसती.

डॉक्टर माणूस वाईट नव्हते, खर्चाला घाबरले होते. शिशाचे पत्रे लावायचे म्हणजे किती, हा त्यांचा पहिला प्रश्न. काका म्हणाले, "शिसं शेवटी, डॉक्टर. आधी स्टँड फिरवा." मागच्या भिंतीबाहेर गटार होतं, तिकडे कोणी उभंसुद्धा राहत नसे. स्टँड त्या बाजूला गेला. शिंप्याकडच्या भिंतीला नंतर बेरियमचा गिलावा झाला, दाराला आतून शिशाचा पत्रा लागला. पण मुख्य काम पहिल्याच दिवशी, फुकटात झालं होतं. शिंप्याला यातलं फारसं कळलं नाही. रविवारी दुकान उघडायला लावलं म्हणून तो थोडा वैतागलाच होता.

किरणांपासून वाचायचे उपाय तीनच: वेळ कमी, अंतर जास्त, मध्ये आडोसा. पुस्तकात हे मी पाठ केलं होतं, पण पुस्तक तिघांना एका ओळीत बसवतं. काका अंतराला पहिलं मानायचे, कारण त्याला पैसे पडत नाहीत. होळीच्या पुढून दोन पावलं मागे सरकलं की चटका कमी होतो, तसंच हे. अंतर दुप्पट केलं की डोस चौथा हिस्सा. तंत्रज्ञापर्यंत पोहोचणारे बहुतेक किरण थेट मशीनमधून येत नाहीत, पेशंटच्या अंगावरून विखुरलेले येतात. पेशंटपासून एक मीटरवर ते मूळ झोताच्या साधारण हजाराव्या भागाइतके उरतात. म्हणून वॉर्डात पोर्टेबल मशीन घेऊन गेलं की बटणाची वायर पूर्ण ताणून मागे जायचं. दोन मीटर वायर दिलेली असते ती गुंडाळून ठेवायला नाही.

शिशाच्या एप्रनची घडी घालणाऱ्या माणसावर काका फार चिडायचे. घडीवर आतल्या शिशाच्या थराला तडे जातात आणि वरून दिसत नाहीत. एप्रन टांगायचा, आणि मधूनमधून एप्रनचाच एक्स-रे काढायचा. तरी त्याचा गर्व करायचा नाही, असंही ते सांगत. अर्धा मिलिमीटर शिसं आपल्या एक्स-रेचा बहुतेक भाग अडवतं, पण कोबाल्ट-६० च्या गॅमा किरणांपुढे तोच एप्रन निव्वळ वजन. ते निम्मे करायलाच बारा मिलिमीटर शिसं लागतं. न्यूट्रॉनला शिसं अडवतच नाही, तिथे पाणी किंवा मेण हवं. बीटा किरणांना आधी प्लास्टिक, मगच शिसं. उलट केलं तर शिशातच नवे एक्स-रे तयार होतात. "शत्रू कोण ते बघून भिंत बांधायची," हे त्यांचं ठरलेलं वाक्य.

माझे बाबा भाईंदर पूर्वेला स्टीलच्या भांड्यांच्या कारखान्यात पॉलिशवर होते. २००८ साली फ्रान्समध्ये लिफ्टच्या बटणांत कोबाल्ट-६० सापडलं. बटणं बनवणाऱ्या तिथल्या वीस कामगारांना सामान्य माणसासाठीच्या वर्षाच्या मर्यादेपेक्षा, म्हणजे १ मिलिसिव्हर्टपेक्षा, जास्त डोस मिळाला होता. पोलाद भारतातलं, आणि माग निघाला तो आपल्या महाराष्ट्रातल्या एका ओतशाळेपर्यंत. भंगाराबरोबर कुठला तरी स्रोत वितळला होता. बातमी वाचून काका स्वतःहून बाबांच्या कारखान्यात गेले. कागदावर तीन पात्यांचं चिन्ह काढून त्यांनी कामगारांना दाखवलं. हे चिन्ह असलेला जड डबा भंगारात दिसला तर फोडायचा नाही, शिशाच्या लोभाने तर मुळीच नाही. लांब जायचं आणि पोलिसांना कळवायचं. दोन वर्षांनी दिल्लीच्या मायापुरी भंगार बाजारात नेमकं तेच झालं. विद्यापीठाने लिलावात काढलेलं जुनं गॅमा यंत्र तिथे फोडलं गेलं आणि एका माणसाचा जीव गेला. बाबांनी तो कागद कारखान्याच्या भिंतीवर चिकटवला होता.

मला दिवस गेले तेव्हा आईच्याही आधी मी काकांना विचारलं, नोकरी सोडू का? ते म्हणाले, "सोडू नकोस पोरी, लेखी कळव." कळवल्यानंतर पोटातल्या बाळासाठी मर्यादा १ मिलिसिव्हर्टची. एरवी आम्हा कर्मचाऱ्यांना पाच वर्षांची सरासरी वर्षाला २० आणि कुठल्याही एका वर्षात जास्तीत जास्त ३० मिलिसिव्हर्ट चालतात. डोस मोजणाऱ्या माझ्या टीएलडी बॅजचे तिमाही रिपोर्ट त्यांनी मागवले, चष्मा पुसून आकडे वाचले. सगळे शून्याच्या आसपास. "हे शून्य फुकट आलेलं नाही," एवढं म्हणून त्यांनी मला हॅम्बुर्गच्या स्मारकाची गोष्ट सांगितली. राँटगेनला १८९५ मध्ये किरण सापडले आणि पुढच्याच वर्षी लोकांचे हात भाजायला लागले. एडिसनचा मदतनीस क्लॅरेन्स डॅली हात कापूनही वाचला नाही, १९०४ मध्ये गेला. अशा डॉक्टर-तंत्रज्ञांसाठी १९३६ मध्ये हॅम्बुर्गला स्मारक उभं राहिलं, त्यावर तेव्हा १६९ नावं होती. आमच्या मर्यादेचे आकडे त्या माणसांच्या बोटांपासून सुरू होतात.

माझी मुलगी आता कॉलेजात आहे. काका जाऊन बरीच वर्षं झाली. एखाद्याने आजारातून बरं केलं तर ऋण दाखवता येतं. माझ्याकडे दाखवायला आहेत ते शून्यांचे रिपोर्ट. त्या शिंप्याकडे तेवढेही नाहीत, आणि माझ्या मते काकांचा मोठा ऋणको तोच. मला निदान कोणाला नमस्कार करायचा ते माहीत आहे.

काकांना परत द्यायचं राहिलं ते तुमच्याकडे मागते. एक्स-रेला जाल तेव्हा आधीच्या फिल्म बरोबर न्या, म्हणजे तोच फोटो पुन्हा काढावा लागणार नाही. दिवस गेले असतील किंवा नुसती शंका असेल तर आधी सांगा. पेशंटला धरायची गरज नसेल तर नातेवाइकांनी बाहेर थांबावं. धरावंच लागलं तर एप्रन मागून घ्या. आणि तुमच्या दुकानाच्या किंवा घराच्या भिंतीला लागून एक्स-रे सेंटर असेल, तर त्यांच्याकडे अणुऊर्जा नियामक मंडळाचा परवाना आहे का आणि मधली भिंत किती इंची आहे, हे जाऊन विचारा.