नाव ठेवावे, नावे ठेवू नयेत

वाचकहो, हंगामाच्या कामातून दोन दिवस सवड मिळाली, तर एकदा कोयनानगरला जाऊन या. कराडला उतरा, आधी प्रीतिसंगमावर पाय धुवा आणि मग चिपळूणच्या वाटेची एस.टी. धरा. पाटणपर्यंत उसाची शेते सोबत करतात. पाटण सुटले की दोन्ही अंगांनी डोंगर जवळ येऊ लागतात, उसाची जागा भाताची खाचरे घेतात, आणि उतारावर नाचणी-वरीची शेते दिसू लागतात. हेळवाक आले की समजा, कोयनानगर आलेच. तिथून पुढे कुंभार्ली घाट उतरला की कोकण.

धरण पाहायला तर सगळेच जातात. तुम्ही यावेळी आणखी एक गोष्ट करा. वाटेतली नावे ऐकत जा. नद्यांची नावे, गावांची नावे, माणसांची नावे. या खोऱ्यात नावांची जी कहाणी आहे, ती तुमच्या-आमच्या घरातल्या पाळण्यापर्यंत येऊन पोचते.

सुरुवात नदीपासूनच करू. कृष्णा आणि कोयना या दोघी महाबळेश्वरच्या. कृष्णा वाईकडे उतरली. कोयनेने मात्र सह्याद्रीची कड धरली आणि ती कितीतरी मैल सरळ दक्षिणेकडे चालत राहिली. सोळशी, कांदाटी अशा ओढाळ नद्या तिला येऊन मिळाल्या. हेळवाकजवळ तिने एकाएकी पूर्वेला वळण घेतले, पाटणला केरेला आणि पुढे मोरणेला पोटात घेतले आणि कराडला थोरल्या बहिणीच्या गळ्यात पडली. समोरासमोर येऊन मिळणाऱ्या अशा नद्या फार थोड्या. म्हणूनच त्या जागेला प्रीतिसंगम म्हणतात. यशवंतराव चव्हाणांची समाधीही तिथेच आहे.

आता या थोरलीचे नाव पाहा. कृष्णा. तुमच्या भावकीत एखादा कृष्णाभाऊ असेल आणि पलीकडच्या आळीत एखादी कृष्णाबाईही असेल. नाव एकच, बाप्याला चालते आणि बाईलाही चालते. महाभारतात द्रौपदीलाही कृष्णा म्हटले आहे. पंढरीच्या वाटेवरची भीमा घ्या. भीमा नावाचे गडी आहेत, आणि भीमाबाईही घरोघर होत्या; डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या मातोश्रींचे नाव भीमाबाईच. अलीकडचे किरण हे नाव घ्या. शाळेच्या हजेरीत किरण म्हटले की कधी मुलगा ‘हजर’ म्हणतो, कधी मुलगी. कोयना मात्र लेकीचेच नाव.

जगात असा एक देश आहे की जिथे एकच नाव मुलाला आणि मुलीला देणे ही नवलाची गोष्ट नाही. तो म्हणजे मंगोलिया. चीन आणि रशिया यांच्या मध्ये वसलेला हा देश. आकाराने आपल्या भारताच्या जवळजवळ निम्मा, पण माणसे पस्तीस लाखांच्या आसपास. माणसांपेक्षा गुरेढोरे कितीतरी पटींनी अधिक. घोडा, गाय, उंट, मेंढी आणि शेळी ही त्यांची पाच प्रकारची दौलत. आपले धनगर बांधव जसे मेंढरांमागे रान तुडवतात, तसे तिथले पशुपालक नमद्याचा गोल तंबू घेऊन चाऱ्यापाण्याच्या मागे फिरतात. हिवाळ्यात थंडी अशी की पाणीच काय, उभे जनावर गोठून मरते.

अशा कडाक्यात पूर्वी लहान मुले जगणे अवघड होते. एक मूल गेले, दुसरे गेले, की आईबापांना वाटे, कुणी वाईट शक्ती आपल्या घरावर टपून आहे. मग पुढच्या मुलाचे नाव ठेवत ‘नेरगुई’. मंगोल भाषेत ‘नेर’ म्हणजे नाव आणि ‘गुई’ म्हणजे नाही. नेरगुई म्हणजे बिननावाचे! भुताने येऊन विचारले, ‘या मुलाचे नाव काय?’ तर उत्तर, ‘नावच नाही.’ ज्याला नाव नाही त्याला हाक मारून नेणार तरी कसे? दुसरे नाव ‘एनेबिश’. त्याचा अर्थ ‘हे नव्हे’. तिसरे ‘तेरबिश’, म्हणजे ‘ते नव्हे’. आणि ‘हुनबिश’ म्हणजे तर ‘माणूसच नव्हे’. ही नावे मुलालाही देतात आणि मुलीलाही. त्यांच्या भाषेत आपल्यासारखे ‘तो’ आणि ‘ती’ असे वेगळे शब्दच नाहीत. दोघांना मिळून एकच शब्द. वारावरून ठेवलेली नावेही तशीच. सोमवारी जन्मले तर दावा, शनिवारी जन्मले तर ब्यांबा, मग तो लेक असो की लेकी.

अशा नावाने कुणाचे काही अडले का? मुळीच नाही. एनेबिश नावाचे एक गृहस्थ २००० साली मंगोलियाच्या संसदेचे सभापती झाले. ‘हे नव्हे’ असे नाव असलेला माणूस देशाच्या सर्वांत मोठ्या सभेच्या खुर्चीवर बसला!

वाचकहो, हे ऐकून हसू नका. कारण तुमच्या आजोबा-पणजोबांची नावे आठवली, तर हा मंगोलियाचा कारभार आपल्याच घरातला वाटेल. दगडू, धोंडू, केरबा, भिकू ही नावे कशी पडली? आधीची पोरे हाताला लागली नाहीत म्हणून. दगडाला कोण दृष्ट लावणार? केरातली वस्तू कोण उचलून नेणार? कुणी मूल शेजारणीच्या ओटीत टाकून मूठभर धान्य देऊन परत ‘विकत’ घेई, कुणी मुलाचे नाक टोची. देवीचे साथीचे रोग, घटसर्प, हगवण यांवर औषध नव्हते. तेव्हा आईच्या हातात उपाय एकच होता, नाव. तिने पोटचा गोळा दगडाच्या नावाआड लपवला. तिने दगडू म्हटले, पण मनात म्हणत होती, माझ्या हिऱ्या, तू जग. लेकींनाही अशी नावे असत. दगडाबाई, धोंडाबाई, भिकाबाई या काही नकोशा झालेल्या लेकी नव्हत्या. त्या नवसाने जगवलेल्या लेकी होत्या.

आता इथे जरा थांबा. याच कोयनेच्या खोऱ्यात, याच सातारा जिल्ह्यात आणखी एक नाव होते. ‘नकोशी’. कुठे नकुशी म्हणत, कुठे नकुसा. दुसरी, तिसरी, चौथी मुलगी झाली की तिला हे नाव ठेवीत. समजूत अशी की, ‘नको’ म्हटले म्हणजे पुढच्या खेपेला मुलगा होतो.

वरवर पाहिले तर नेरगुई, दगडू आणि नकोशी ही एकाच माळेतली नावे वाटतील. पण आतला अर्थ अगदी उलटा आहे. नेरगुई म्हणणारी आई मरणाला सांगते, ‘इथे कुणी नाही, तू जा.’ नकोशी म्हणणारे घर लेकीलाच सांगते, ‘तू कशाला आलीस?’ पहिले नाव मुलाला जगवण्यासाठी, दुसरे त्या पोरीला सोडून दुसऱ्याच कुणाला बोलावण्यासाठी. आणि एक साधी खूण पाहा. नेरगुई मुलगाही असतो, मुलगीही असते. दगडू असतो, तशी दगडाबाईही असते. पण ‘नकोसा’ नावाचा मुलगा तुम्ही कुठल्या गावात पाहिला आहे का? जे नाव फक्त मुलीलाच ठेवतात, ते दृष्ट काढण्यासाठी नसते. ते नावे ठेवणेच असते.

आपल्या मराठीत ‘नाव ठेवणे’ आणि ‘नावे ठेवणे’ यांत एका मात्रेचे अंतर आहे. बारशाच्या दिवशी आत्या बाळाच्या कानात कुर्र करते, तेव्हा ते अंतर सांभाळायचे असते. कारण हे नाव ती पोर रोज ऐकणार. शाळेत गुरुजी हजेरी घेणार, मैत्रिणी हाक मारणार, दवाखान्यात, बँकेत, लग्नाच्या पत्रिकेत तेच नाव. आयुष्यभर हाकेला ओ द्यायची आणि ओ देताना ‘मी कुणाला नको होते’ हे कबूल करायचे. ही केवढी शिक्षा!

सातारा जिल्ह्याने या गोष्टीवर बोट ठेवले आणि तिथेच न थांबता उपायही केला, हे अभिमानाने सांगितले पाहिजे. २०११ च्या जनगणनेत जिल्ह्यात सहा वर्षांच्या आतल्या हजार मुलांमागे मुली नऊशेच्याही आत निघाल्या. जिल्ह्याच्या आरोग्य खात्याच्या पुढाकाराने अशा मुली गावोगाव शोधण्यात आल्या आणि २२ ऑक्टोबर २०११ रोजी साताऱ्यात त्यांचे पुन्हा बारसे झाले. एक-दोन नव्हे, २८५ मुली! ठेवणीतले कपडे घालून, केसांना रिबिनी बांधून त्या रांगेने पुढे आल्या, आणि नव्या नावाचा दाखला व फुलांचा गुच्छ हाती घेऊन परतल्या. पाळण्यातले नाव दुसऱ्यांनी ठेवलेले असते. इथे कितीतरी मुलींनी आपले नाव आपणच निवडले. कुणाला सिनेमातल्या नायिकेचे आवडले, कुणाला देवीचे. आवडीचे नाव निवडायचा हक्क मिळाला, हे महत्त्वाचे.

नुसत्या नावाने काय होते, असे कुणी म्हणेल. त्याने कोयनानगरच्या धरणाकाठी उभे राहून विचार करावा. १०३ मीटर उंचीची ही भिंत. तिच्यामागे पसरलेला शिवसागर जलाशय. त्यात १०५ अब्ज घनफुटांहून अधिक पाणी मावते. पूर्वेला निघालेले हे पाणी डोंगराच्या पोटातून बोगद्याने पश्चिमेला पोफळीकडे उतरवले आणि त्यावर १९६२ पासून वीज तयार होऊ लागली. आज प्रकल्पाचे चारही टप्पे मिळून एकोणीसशे मेगावॅटहून अधिक वीज करू शकतात. तुमच्या विहिरीवरची मोटार चालते, त्यात या पाण्याचाही वाटा आहे. पण या पाण्याखाली गावे गेली. शेते गेली, देवळे गेली, उंबरे गेले. माणसे उठून सांगली, सोलापूर, रत्नागिरी, रायगड, ठाणे अशा जिल्ह्यांत पांगली. घर नेता आले नाही, जमीन नेता आली नाही. एकच गोष्ट त्यांना फुकट आणि अभंग नेता आली. गावाचे नाव. माळरानावर नवी वसाहत झाली, तरी तिला जुन्या गावाचेच नाव देणारी माणसे आहेत. नावात काही नसते, तर हे ओझे कुणी कशाला वाहिले असते?

आणि नावाला बसलेला धक्काही या गावाने सोसला आहे. ११ डिसेंबर १९६७ ला पहाटे, साखरझोपेच्या वेळी, जमीन हादरली. कोयनानगरची घरे कोसळली, सुमारे १८० माणसे गेली. तेव्हापासून जगभरचे शास्त्रज्ञ कोयना म्हटले की भूकंपाचे नाव घेतात. मोठ्या जलाशयामुळे होणाऱ्या भूकंपांचा अभ्यास करणारा माणूस कोयनेचे नाव घेतल्यावाचून पुढे जात नाही. तरी इथल्या लोकांनी नाव टाकले नाही. पुन्हा घरे बांधली, धरणाची भिंत आणखी बळकट केली. मुंबई-कोल्हापूर गाडीही कोयना एक्स्प्रेस या नावाने धावते. नावाला चिकटलेले दुःख कामाने पुसता येते, हे या गावाने दाखवले. पण नदीला जे साधते, ते सहा वर्षांच्या पोरीने एकटीने साधावे, अशी अपेक्षा करणे बरे नव्हे.

म्हणून आता चार कामाच्या गोष्टी. घरात बाळ झाले की एकवीस दिवसांच्या आत जन्माची नोंद ग्रामपंचायतीत करा. नाव तेव्हा ठरले नसेल तर हरकत नाही. ते वर्षाच्या आत विनाशुल्क नोंदवता येते, पण विसरू नका. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्या मुलांना शाळेपासून पुढे सगळीकडे हाच जन्मदाखला लागणार आहे. महाराष्ट्रात १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या कागदोपत्री आधी मुलाचे नाव, मग आईचे, मग वडिलांचे आणि मग आडनाव, असा क्रम ठरला आहे. जिने नऊ महिने पोटात वाढवले, तिचेही नाव आता लेकराच्या नावाला लागते. आणि तुमच्या वाडीत अजूनही एखादी नकोशी असेल, तर ती शाळा सोडण्याआधी तिच्या पालकांसह मुख्याध्यापकांना भेटा. वय झालेल्या बाईलाही राजपत्रात जाहीर करून नाव बदलता येते. तिच्यासोबत कुणीतरी कचेरीत जायला हवे, एवढेच.

कोयनानगरला पावसाळा सरता सरता जा. नेहरू उद्यानातून धरण पाहा. भिंतीवर परवानगीशिवाय जाता येत नाही, त्यासाठी हट्ट करू नका. नवज्याकडे ओझर्डेचा धबधबा आहे. निसरड्या खडकांवर पोरांचा हात सोडू नका. परतताना प्रीतिसंगमावर पुन्हा एकदा थांबा. समोरासमोर आलेल्या त्या दोन नद्यांत महाबळेश्वराने कुणा एकीला नकोशी म्हटले नाही. दोघींचेही पाणी आपल्या पिकाला सारखेच लागते. घरी आल्यावर दारात लेक सामोरी येईल, तेव्हा तिला तिच्या पुऱ्या नावाने हाक मारा. तेवढ्यासाठी कुठला मुहूर्त लागत नाही.